जप्त वाहनाची सुटका : कायद्याची वाट



कारेगावच्या परिसरात रांजणगाव औद्योगिक वसाहत उभी राहिली आणि कारखान्यांपाठोपाठ घरे, गाळे व रस्ते यांची बांधकामे वाढली. बांधकाम म्हटले की मुरूम, खडी व वाळू आलीच. शिरूर-दौंड भागातील घोड व भीमा यांच्या पात्रांतील वाळू पाणी धरून ठेवते. ती खरवडली गेली की काठच्या विहिरी आटू लागतात. म्हणून गौण खनिजाच्या चोरीला आळा घालणे हे शासनाचे कर्तव्यच आहे. परंतु केवळ संशयावरून अडविलेला ट्रॅक्टर ऐन पेरणीत तहसील कचेरीच्या आवारात उभा राहिला, तर शेत पडून राहते आणि कर्जाचा हप्ता मात्र थांबत नाही. या दोन्ही गोष्टींचा विचार कायद्याने केलेला आहे.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८, पोटकलम (७) अन्वये विनापरवाना काढलेल्या खनिजाच्या बाजारमूल्याच्या पाच पटीपर्यंत दंड होऊ शकतो. पोटकलम (८) अन्वये खनिज, यंत्रसामग्री व वाहन जप्त करता येते. हा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना, तसेच त्यांनी प्राधिकृत केलेल्या, तहसीलदाराहून कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यास आहे. जप्त वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकारी अथवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करावे लागते. सुटकेचा आदेश तेथेच होतो. तोंडी शब्दावर वाहन अडकवून ठेवणे जसे गैर, तसेच तोंडी शब्दावर ते सोडून देणेही गैर.

सुटकेच्या अटी दोन आहेत. पहिली, विहित दंड भरणे. २०१८ च्या सुधारित नियमानुसार तो ट्रॅक्टरसाठी १ लाख, डंपरसाठी २ लाख व उत्खनन यंत्रासाठी साडेसात लाख रुपये ठरविण्यात आला. खनिजाच्या मूल्यावरील दंड याहून वेगळा असतो, ही बाब अनेकांच्या ध्यानात येत नाही. दुसरी अट, हे वाहन पुन्हा अशा कामी वापरणार नाही, असे वैयक्तिक बंधपत्र मालकाने लिहून देणे. बंधपत्राची रक्कम वाहनाच्या बाजारमूल्याहून अधिक असू शकत नाही.

चोरीचा फौजदारी गुन्हा नोंदवून पोलिसांनी वाहन ताब्यात घेतले असेल, तर मात्र वाट न्यायालयाची आहे. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमे ४९७ व ५०३ यासाठी लागू आहेत. सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात २००२ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, वाहने पोलीस ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काही अर्थ नाही. योग्य बंधपत्र व हमी घेऊन दंडाधिकाऱ्यांनी त्वरित आदेश द्यावा. पंचनामा व छायाचित्रे असली म्हणजे पुरावा शाबूत राहतो. उन्हापावसात गंजलेला सांगाडा ना शासनाच्या उपयोगाचा, ना मालकाच्या. मात्र सुटका म्हणजे निर्दोषत्व नव्हे. खटला पुढे चालतो व वाहन मागितल्यास हजर करावे लागते.

अधिकाऱ्यांनी जप्तीच्या वेळी स्थळ, वेळ, खनिजाचा प्रकार व परिमाण पंचनाम्यात नोंदवावे, मालकास नोटीस देऊन त्याचे म्हणणे ऐकावे आणि सकारण लेखी आदेश द्यावा. अशा आदेशाविरुद्ध संहितेच्या कलम २४७ अन्वये अपील करता येते. जिल्हाधिकाऱ्याहून कनिष्ठ अधिकाऱ्याचा आदेश असल्यास त्याची मुदत ६० दिवसांची आहे. मुदत मोजायची तर आदेशाची प्रत हाती असली पाहिजे, म्हणून मालकाने ती आग्रहाने मागून घ्यावी.

वाहनमालकाने खनिजाचा वाहतूक परवाना, नोंदणी प्रमाणपत्र व विमा ही कागदपत्रे वाहनातच ठेवावीत. परवान्यावरील वेळ व परिमाण प्रत्यक्षाशी जुळले नाही, तर परवाना असूनही अडचण येते. ग्रामपंचायत सदस्यांनी व शिक्षकांनी ही माहिती ग्रामसभेत आधीच समजावून सांगितली, तर शेतातला मुरूम शेजारी नेतानाही परवानगीची चौकशी करण्याची सवय लागेल. नदी राखायची तर कारवाई कठोर हवी. आणि ती लोकांना न्याय्य वाटायची तर वेळेत व लेखी व्हायला हवी.