आमची लेखणी आणि एक जून



आमच्या लेखणीचा एक अपराध आज कबूल करावयाचा आहे. मूल शाळेत घालावयास आलेली माउली "पोळ्याच्या सुमाराचं" म्हणाली, की आम्ही खुशाल १ जून लिहीत असू. शाळा जूनमध्ये उघडे, वयही जुळे!

परवा असाच एक विद्यार्थी दारी आला. पासपोर्टावर आमची १ जून, ग्रामपंचायतीच्या दाखल्यावर ऑगस्टातील खरी तारीख. परदेशची नोकरी अडलेली. जन्मदाखला जोडून पासपोर्ट पुन्हा मिळण्याचा अर्ज करण्यास आम्ही सांगितले.

१ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांस पासपोर्टासाठी जन्मतारखेचा दुसरा पुरावाच चालत नाही. म्हणून बारशाची वाट न पाहता २१ दिवसांत जन्मनोंद करावी; नाव मागाहून घालता येते.

निघताना तो पाया पडला. आम्हांस वर पाहवेना.