जातं आणि गिरणी

आपल्या सोलापूरची भाकरी शाळूची. मंगळवेढ्याच्या ज्वारीला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालं, चांगलं झालं. पण ती ज्वारी पिढ्यान्‌पिढ्या दळली आपणच. कोंबडा आरवायच्या आत खुंटा धरायचा, मूठमूठ वैरण घालायची, घरापुरतं पीठ पडेस्तोवर उठायचं नाही. तिथंच ओव्या झाल्या. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी गावोगाव फिरून अशा लाखभर ओव्या जमवल्या. त्यात माहेर एवढं येतं ते उगाच नाही; मन मोकळं करायला दुसरी जागा होती कुठं?

मग इंजिनाची गिरणी आली. सासवा म्हणाल्या, पीठ तापतं, चव जाते. सुनांना मात्र झोप मिळाली! पण दळणाच्या पैशांसाठी घरधन्यापुढं हात पसरणं आलं. म्हणून आमच्यातल्या काही गटांनी स्वतःच गिरणी घातली.

तिथं पट्ट्याला जाळी हवीच. पदर खोचा, केस बांधा. पदर ओढला गेला तर बटणापर्यंत हात पोचत नाही. आणि दळण आठवड्यापुरतंच आणा. शिळ्या पिठाची विरी जाते, भाकरी थापताना तुटते.