सोंग उतरल्यावर
(सांगलीत तरुणांपुढं केलेलं भाषण)



गावात मला सोंगाड्या म्हणून ओळखतात. जत्रेत सोंग काढायचो, माणसं पोट धरून हसायची. आता चार पुस्तकं वाचून सभेत उभा राहिलो, की तीच माणसं ओरडतात, "भाषण राहू दे, बतावणी होऊ दे!" मी तोंडाचा रंग धुतला. त्यांच्या डोळ्यातला जात नाही.

म्हणून आज अण्णाभाऊंबद्दल बोलतो. तुकाराम भाऊराव साठे, जन्म १९२० चा. वाटेगाव तेव्हा सातारा जिल्ह्यात, आज सांगलीत. मांगवाड्यातलं पोर, शाळा दीड दिवसाची. नात्यातल्या फडात तमाशा केला, म्हणून लोकांनी ओळखला तो तमासगीर.

अण्णाभाऊंनी फडाची लाज धरली नाही, गुलामीही केली नाही. गणातला गणपती काढून तिथं मायभूमी आणि शिवराय आणले. १९४४ साली अमर शेख, गवाणकरांबरोबर लाल बावटा कलापथक उभारलं. सरकारनं तमाशावर बंदी घातली, तर लोकनाट्य म्हणून खेळ केले. मग घाटकोपरच्या चिरागनगरात, झोपडीत बसून लिहीत राहिले. १९५९ साली 'फकिरा' आली, बाबासाहेबांच्या लेखणीला अर्पण केलेली. ज्या जातीला इंग्रजांनी गुन्हेगार ठरवून हजेरीला उभं केलं, तिचा माणूस तिथं नायक झाला. म्हणजे त्यांनी एकट्याची ओळख नाही बदलली, वाड्याची बदलली.

त्याच वाळवा तालुक्यात रेठरे हरणाक्ष. तिथले श्रीधर कुलकर्णी फडात उतरले आणि पठ्ठे बापूराव झाले. जातीनं वाळीत टाकलं, १९४५ साली हलाखीत मेले. मी त्यांची टवाळी करत नाही. पण हिशेब बघा. कुलकर्णी फडात उतरला, तर त्याग. साठे फडातून लेखणीकडं गेला, तर "मूळचा तमासगीर". आणि बापूरावांबरोबर फड गाजवणारी आमची पवळा? तिचं नाव कायम त्यांच्या मागं.

तेव्हा मित्रांनो, शहरात येऊन गावची हलगी लपवू नका. लपवली की त्यांनी दिलेली लाज आपण घेतली. हलगी आपली आहे. ती कुणाच्या दारात वाजवायची, एवढंच आपल्या हाती घ्यायचं.

यंदाच्या जत्रेत मी पुन्हा उभा राहणार. बतावणी मागतील, करीन. पण ह्या वेळी कुणाला हसायचं, ते मी ठरवणार.

जय भीम!