वाट मोकळी करणारा वीर : मेजर रामा राघोबा राणे



रणांगणावरील शौर्य म्हटले की शत्रूवर तुटून पडणारा योद्धा डोळ्यांसमोर उभा राहतो. परंतु ज्या वीराचे आज स्मरण करावयाचे आहे, त्याचे काम वेगळे होते. मागून येणाऱ्या सैन्यासाठी रस्ता मोकळा करणे, हेच त्याचे कर्तव्य आणि हाच त्याचा पराक्रम.

गोव्याच्या दक्षिण सीमेलगतच्या कारवार तालुक्यातील चेंडिया गावी २६ जून १९१८ रोजी रामा राघोबा राणे यांचा जन्म झाला. वडील पोलीस शिपाई होते. १९४० साली राणे बॉम्बे इंजिनिअर्स या अभियंता दलात साधे सैनिक म्हणून भरती झाले. दुसऱ्या महायुद्धात ते ब्रह्मदेशाच्या आघाडीवर होते. पुढे १९४७ च्या अखेरीस ते सेकंड लेफ्टनंट झाले.

त्याच वर्षी नोव्हेंबरात काश्मीरमधील राजौरी हल्लेखोरांच्या हाती पडली. ती सोडविण्यासाठी ८ एप्रिल १९४८ रोजी आपले सैन्य नौशहराहून निघाले. डोंगरातील त्या रस्त्यावर शत्रूने सुरुंग पेरले होते, मोऱ्या उडविल्या होत्या, पाईनचे प्रचंड वृक्ष आडवे पाडले होते. वाट झाल्यावाचून रणगाडे पुढे सरकणे अशक्य होते. ही जबाबदारी राणे यांच्या तुकडीवर सोपविण्यात आली.

काम सुरू होण्यापूर्वीच उखळी तोफांचा मारा झाला. दोन जवान ठार झाले, पाच जखमी झाले. जखमींत स्वतः राणे होते. तरीही त्यांनी तुकडी पुन्हा उभी केली आणि त्या रात्री दहापर्यंत, मशीनगनच्या माऱ्यात, रणगाड्यांसाठी वळणरस्ता तयार करण्याचे काम चालू ठेवले. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला ते पुन्हा कामावर हजर होते. दुपारी तीनला वळणरस्ता तयार झाला, तेव्हा ते सर्वांत पुढच्या गाडीत बसले. दर काही अंतरावर अडथळा येई, राणे खाली उतरत आणि सुरुंगाने तो उडवीत. १० एप्रिलला पहाटे पावणेपाचपासून रात्री नवापर्यंत, अन्न व विश्रांतीविना, त्यांचे काम चालले. रणगाडे तवी नदीच्या पात्रातून पुढे निघून गेले, तरी मागून येणाऱ्या रसदीसाठी राणे रस्त्यावरच राहिले. ११ तारखेस चिंगसपर्यंतचा मार्ग खुला झाला आणि १२ तारखेस राजौरी मुक्त झाली.

या कामगिरीबद्दल त्यांना परमवीर चक्र प्रदान करण्यात आले. १९४७-४८ च्या युद्धात हा सन्मान पाच वीरांना लाभला. त्यांपैकी तिघांना तो मरणोत्तर मिळाला. हयात राहिलेले दोघे म्हणजे राणे आणि करमसिंग. मेजर होऊन १९६८ साली राणे निवृत्त झाले. ११ जुलै १९९४ रोजी पुणे येथे त्यांचे निधन झाले. कारवारच्या समुद्रकिनाऱ्यावर २००६ सालापासून त्यांचा पुतळा उभा आहे.

गुरुजनांनी मुलांना ही कथा सांगताना पदकाबरोबर त्या चार दिवसांचे तासही सांगावेत. शौर्य म्हणजे केवळ क्षणाचा आवेश नव्हे, हे त्यातून मुलांना उमगेल. एक अडथळा दूर होताच दुसरा समोर येतो, अंगावर जखम असते, आणि तरीही माणूस हातातील काम खाली ठेवत नाही. रामा राघोबा राणे यांचा पराक्रम हा असा होता.