मंडळाचा संगणक : नवी प्रणाली घ्यावी काय?

(दिवाळी २०२५ नंतर जवाहर नगर, जयपूर येथे भरलेल्या सभासदांच्या सभेत, तिघांच्या उपसमितीच्या वतीने केलेल्या भाषणाचा मजकूर)



नाट्यगीते आणि फराळ यांच्या मधोमध आमच्यासारख्यांना वीस मिनिटे दिल्याबद्दल आम्ही चिटणिसांचे आभारी आहोत. विषय रूक्ष आहे. आम्हां तिघांकडे काम सोपविले गेले ते एका वाक्यात : मंडळाच्या संगणकावरील विंडोज १० काढून तेथे विंडोज ११ घालावी किंवा कसे, याचा अहवाल द्यावा. रविवारच्या एका सकाळीत हे आटोपेल अशी आमची समजूत होती. प्रत्यक्षात दोन महिने लागले, आणि ते का लागले हेच सांगण्यासाठी आम्ही उभे आहोत.

ज्यांना या यंत्राशी फारसे कर्तव्य नाही त्यांच्यासाठी प्रथम दोन शब्द. संगणकाची कार्यप्रणाली, ज्याला व्यवहारात ऑपरेटिंग सिस्टिम म्हणतात, ती वाड्यावरच्या कारभाऱ्यासारखी असते. आलेल्या माणसाला दिंडीतून आत घ्यावयाचे की नाही, कोठारातील कोणता जिन्नस कोठे ठेवावयाचा, कोणास काय काम द्यावयाचे, हे सर्व तोच पाहतो. विंडोज १० हा कारभारी २०१५ च्या जुलैत आला आणि १४ ऑक्टोबर २०२५ रोजी कंपनीने त्याची देखभाल थांबविली. याचा अर्थ त्या दिवशी संगणक बंद पडला असा मुळीच नाही. आपला संगणक लक्ष्मीपूजनालाही सुरळीत चालू होता, हे पाहून आपल्यापैकी काहींनी आमची थट्टाही केली. परंतु प्रणालीत वेळोवेळी आढळणारी भगदाडे बुजविण्यासाठी दर महिन्यास जी दुरुस्ती येत असे, ती आता येणार नाही. भगदाडे मात्र सापडतच राहणार, आणि ती शोधणारे सगळेच सज्जन नसतात.

हा धोका कल्पनेतला नाही. मे २०१७ मध्ये 'वॉनाक्राय' नावाच्या उपद्रवी प्रोग्रॅमने जगभरातील लक्षावधी संगणकांवरील मजकूर कुलूपबंद करून खंडणी मागितली. इंग्लंडमधील रुग्णालयांतले कामकाज त्याने विस्कळीत केले, आणि आपल्याकडे आंध्र प्रदेशात पोलिसांचे काही संगणकही त्याच्या तावडीत सापडले. ज्या भगदाडातून तो शिरला ते बुजविणारी दुरुस्ती दोन महिने आधीच, मार्चमध्ये, उपलब्ध झालेली होती. ज्यांनी ती घेतली नाही त्यांना मुख्यतः फटका बसला. मंडळाचा संगणक इंटरनेटला जोडलेला आहे, त्यावरून बँकेचे व्यवहार होतात, आणि सभासदांचे पत्ते व दूरध्वनी क्रमांक त्यात आहेत. तेव्हा 'चालते आहे तोवर चालू द्या' हा पर्याय आम्ही पहिल्याच बैठकीत बाजूस ठेवला.

मग सरळ विंडोज ११ घालावी, तर तीही वाट सरळ नव्हती. २०२१ च्या ऑक्टोबरात आलेल्या या प्रणालीने यंत्राला काही अटी घातल्या आहेत. त्यांतील स्मृतीची व साठवणीची अट आपले यंत्र पुरी करते, परंतु टी.पी.एम. २.० नावाची सुरक्षेची सोय असावी आणि इंटेलचा प्रोसेसर साधारणपणे आठव्या पिढीचा किंवा त्यानंतरचा असावा, अशी अट आहे. आपला संगणक २०१६ साली घेतलेला, सहाव्या पिढीचा. नऊ उन्हाळ्यांत जयपूरची धूळ त्याने पुष्कळ खाल्ली; पंखा उघडला तेव्हा आतून एक चिमूटभर वाळवंटच बाहेर आले. तरीही यंत्र धडधाकट आहे आणि केवळ कागदावर अपात्र ठरते, ही गोष्ट आमच्यातील एकास, जे निवृत्त अभियंता आहेत, शेवटपर्यंत पटली नाही. अटींना बगल देऊन ती प्रणाली घालण्याच्या युक्त्या आहेत. पण तशा यंत्राला पुढील दुरुस्त्या मिळतीलच अशी हमी कंपनी देत नाही. ज्या कारणासाठी बदल करावयाचा तेच कारण मग उरत नाही.

आणखी एक मधला मार्ग होता. घरगुती संगणकांसाठी कंपनीने एका वर्षाची वाढीव सुरक्षा-योजना जाहीर केली, ती १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंतची. संगणकाची मांडणी कंपनीच्या खात्याशी जोडून ठेवल्यास ती विनामूल्य मिळते, अन्यथा ३० डॉलर भरावे लागतात. संस्थांसाठी दर निराळा : पहिल्या वर्षी यंत्रामागे ६१ डॉलर, आणि पुढे दरवर्षी दुप्पट. नऊ वर्षांच्या यंत्रासाठी हा खर्च कोषाध्यक्षांपुढे ठेवण्याचे धैर्य आम्हांस झाले नाही.

येथवर आमचा अहवाल जवळजवळ तयार होता : नवा संगणक घ्यावा, जुना भंगारात द्यावा, विषय संपला. तो तसा संपला नाही, याचे कारण एक अपघात.

आमच्यापैकी एकांच्या घरी त्यांच्या चिरंजिवांनी संगणक नुकताच कोरा करून त्यावर नवी प्रणाली घातली होती. चाचणी म्हणून आम्ही मंडळाच्या काही फायली तेथे उघडून पाहिल्या. हिशेब उघडले, छायाचित्रे उघडली. त्यानंतर आम्ही 'आठवणी' या नावाची फाइल उघडली, आणि पडद्यावर इंग्रजी अक्षरे, टक्क्याच्या खुणा, कंस आणि उद्गारचिन्हे यांची एक रांगोळी उमटली. मराठीचे एक अक्षर नाही.

ही फाइल कोणती, हे जुन्या सभासदांच्या ध्यानी आले असेल. आपले माजी चिटणीस, जे आज आपल्यात नाहीत, त्यांनी २००१ साली एकेका ज्येष्ठाच्या घरी जाऊन त्यांच्या आठवणी उतरवून घेतल्या होत्या. नोकरीनिमित्त जयपुरास प्रथम आलेली पिढी, ज्वारीचे पीठ कोठून मिळवीत, पहिला गणपती कोणाच्या अंगणात बसला, मुलीच्या लग्नासाठी पुण्याकडे किती पत्रे गेली, अशा चौदा जणांच्या आठवणी. छापण्याचे राहून गेले. त्या चौदांपैकी बहुतेकजण आता नाहीत. हाताने लिहिलेली टिपणे घर बदलताना गेली. जे आहे ते या एका फायलीत आहे.

झाले काय होते, ते थोडक्यात सांगतो, कारण आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी हीच गोष्ट होणे शक्य आहे. त्या काळी मराठी मजकूर ज्या फॉन्टांत टंकला जाई, त्यांत संगणकाच्या लेखी अक्षर इंग्रजीच असे. इंग्रजी अक्षराच्या जागी फॉन्ट केवळ 'क' चे चित्र दाखवी. प्रत्येक फॉन्ट तयार करणाऱ्याने चित्रांचा क्रम आपापल्या मर्जीने लावलेला. तो विशिष्ट फॉन्ट यंत्रावर असेल तोवर मराठी दिसे. तो गेला की मुखवटा गळून खालची इंग्रजी अक्षरे उघडी पडत. येथे राजस्थानात हिंदीचे काम दीर्घकाळ कृतिदेवसारख्या फॉन्टांत चालले, त्याचीही तीच तऱ्हा. याउलट युनिकोडमध्ये 'क' ला स्वतःचा क्रमांक आहे, आणि तो जगात कोठेही 'क' च राहतो. भारतीय मानक संस्थेने १९९१ साली प्रमाणित केलेली 'इस्की' ही संकेतावली याच विचाराची होती, आणि युनिकोडमधील देवनागरीची मांडणी तिच्याच पूर्वरूपावर बेतलेली आहे. विंडोजमध्ये ही सोय २००० साली आली. म्हणजे आपल्या चिटणिसांनी टंकन केले तेव्हा ती अस्तित्वात होती. पण बाजारात कोणी सांगणारे नव्हते, आणि छपाईवाल्यांना जुनाच फॉन्ट हवा असे.

हरवलेला फॉन्ट अखेर सापडला. गणपतीच्या मखराच्या पेटीत, थर्मोकोलच्या खांबांखाली, एका तबकडीवर. जुन्या संगणकावर फाइल पुन्हा उघडली तेव्हा आम्ही तिघेही काही वेळ काम सोडून वाचतच बसलो.

मग तो मजकूर युनिकोडमध्ये नेण्याचा खटाटोप सुरू झाला. त्यासाठी परिवर्तक प्रोग्रॅम मिळतात, परंतु ते मराठी कानाचे नसतात. जुन्या फॉन्टांत ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या आधी टंकली जाई, युनिकोडमध्ये ती अक्षरानंतर येते. या उलथापालथीत कित्येक वेलांट्या शेजारच्या अक्षरावर जाऊन बसल्या. 'ळ' चा कोठे कोठे 'ल' झाला. सर्वांत गमतीचा घोळ अर्ध्या 'र' चा. एका आजींच्या आठवणीत पहिल्या कोजागिरीनंतर 'आचाऱ्यांना' शालजोडी दिल्याचा उल्लेख आहे. परिवर्तकाने ती 'आचार्यांना' देऊन टाकली. दुसऱ्या एका लेखात सह्याद्रीच्या 'दऱ्या' होत्या, तेथे 'दर्या' उसळू लागला. 'अ' वर चंद्र असलेला 'ॲ' तर युनिकोडमध्ये २००८ साली आला. त्यापूर्वीच्या फॉन्टांत त्याच्या जागी रिकामी चौकट दिसते. ही दुरुस्ती यंत्र करीत नाही. ज्याला आचारी आणि आचार्य यांतला फरक ओठांवर ठाऊक आहे, त्यानेच ती करावयाची.

येथे थोडे विषयांतर करू द्या, शहर आपले आहे म्हणून. १७२७ साली हे नगर वसविणाऱ्या सवाई जयसिंहांपुढेही असाच प्रश्न होता. पितळी वेधयंत्रे लहान, त्यांचे आस झिजतात, मध्यबिंदू सरकतात, म्हणून त्यांनी ती बाजूस ठेवून दगड-चुन्याची प्रचंड यंत्रे उभारली. आपण पाहुण्यांना दाखवितो तो जंतरमंतर तोच. पुढे पोर्तुगालहून ला हायर या फ्रेंच ज्योतिषाची कोष्टके आली. ती नवी म्हणून त्यांनी डोळे मिटून घेतली नाहीत आणि परकी म्हणून फेकूनही दिली नाहीत. स्वतःच्या वेधांशी ताडून पाहिली, आणि चंद्राच्या स्थानात अर्ध्या अंशाचा फरक पडतो असे नोंदवून ठेवले. त्यांच्या पदरचे पंडित जगन्नाथ सम्राट, जे महाराष्ट्रीय होते असे सांगितले जाते, त्यांनी अरबी शिकून युक्लिडची भूमिती 'रेखागणित' या नावाने संस्कृतात आणली. एका लिपीतून दुसऱ्या लिपीत ज्ञान सुखरूप नेणे किती कष्टाचे असते, हे आम्हांस त्या चौदा आठवणींनी शिकविले. त्या पंडितांच्या कष्टांची तर कल्पनाच केलेली बरी.

आता आमची शिफारस. हिशेब, पत्रव्यवहार आणि सभासदांची यादी यांसाठी विंडोज ११ असलेला एक साधा नवा संगणक घ्यावा. जुना भंगारात देऊ नये. त्याची इंटरनेटची तार काढून टाकावी, बाहेरची कोणतीही पेनड्राइव्ह त्यास लावू नये, आणि त्यावर विंडोज १०, तो जुना फॉन्ट व पेजमेकर जसेच्या तसे राहू द्यावेत. पेजमेकरची शेवटची मोठी आवृत्ती २००१ मधली. नव्या यंत्रावर त्याचा भरवसा धरता येत नाही, आणि आपल्या जुन्या स्मरणिका त्यातच आहेत. त्यांतील सर्व मजकूर युनिकोडमध्ये उतरला की मग आमच्या अभियंता सहकाऱ्यांची इच्छा पुरी करावी. त्यांचे मत आरंभापासून लिनक्सच्या बाजूचे होते. ती प्रणाली विनामूल्य आहे, जुन्या यंत्रावर उत्तम चालते, आणि आपल्या सी-डॅकने २००७ पासून भारतीय भाषांसाठी 'बॉस' या नावाने तिची आवृत्तीही काढलेली आहे. हिशेबाचा प्रोग्रॅम तिच्यावर चालत नाही, एवढ्याच एका कारणास्तव आम्ही दोघांनी त्यांना मतदानात हरविले. बालवर्गासाठी मात्र ते यंत्र तसे सजवावे.

सभासदांच्या घरच्या संगणकांविषयीही विचारणा झाली. २०१८ नंतर घेतलेले यंत्र असेल तर बहुधा विंडोज ११ विनामूल्य घेता येईल. पात्रता तपासण्याचे साधन कंपनीच देते. आमचे मत, ती घ्यावी. मात्र बटन दाबण्यापूर्वी घरातील प्रत्येक जुनी मराठी फाइल एकदा उघडून पाहावी, आईवडिलांची पत्रे, वंशावळ, लग्नाच्या याद्या, आणि तिचा फॉन्ट कोठे आहे हे शोधून फायलींसकट दोन ठिकाणी वेगळा ठेवावा. घाई करण्यासारखे काही नाही, आणि 'तुमची विंडोज आज बंद पडणार' असे सांगणारा दूरध्वनी आला तर तो नमस्कार न करता खाली ठेवावा.

चौदांपैकी पाच आठवणी शुद्ध करून झाल्या आहेत. त्या या स्मरणिकेत जातील. उरलेल्या नवांसाठी आम्हांस माणसे हवीत, विशेषतः साठी उलटलेली. दर रविवारी सकाळी दहा वाजता, येथेच. एक जण जुन्या पडद्यावरून मोठ्याने वाचील, दुसरा नव्यावर तपासील. चहा मंडळाचा. येताना जवळचा चष्मा आणावा, आणि ज्यांच्याकडे २००१ पूर्वीची एखादी स्मरणिका असेल त्यांनी तीही.