अपील दाबून ठेवणे हाही एक निर्णयच!
(वाहतूक कामगारांच्या अभ्यासवर्गात केलेले भाषण)



मी वकील नाही; पक्षाच्या कचेरीत भाषांतराचे काम करतो. महाराष्ट्राबाहेर पोट भरणारे आपले मराठी चालक इंग्रजी हुकूम घेऊन येतात, तेव्हा त्याचा अर्थ सांगणे माझ्याकडे येते. असाच एक टेम्पोमालक आला. स्वतःच मालक, स्वतःच चालक, आणि गाडी कर्जाची. योग्यतेचा दाखला रद्द झाल्यामुळे ती उभी होती. त्याने मुदतीत अपील केले होते. सात महिने लोटले तरी सुनावणीची तारीख नव्हती. कर्जाचे हप्ते मात्र एक महिनाही थांबले नव्हते.

१९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या ५६ व्या कलमान्वये हा दाखला नसल्यास व्यापारी वाहनाची नोंदणी वैध मानली जात नाही. ५७ वे कलम अपिलाचा हक्क देते; परंतु हुकूम मिळाल्यापासून ३० दिवसांत अपील करावे असे बजावणारे हे कलम, निकाल किती दिवसांत द्यावा याविषयी अवाक्षर काढीत नाही. श्रमिकाला मुदत आणि अधिकाऱ्याला सवड, असा हा न्याय आहे!

अशा वेळी राज्यघटनेच्या २२६ व्या कलमाखाली उच्च न्यायालयाकडे परमादेश मागता येतो. न्यायालय सहसा अपिलाचा निकाल स्वतः देत नाही. अमुक मुदतीत तो द्या, असे अधिकाऱ्यास फर्मावते. त्यासाठी अपिलाची पोच, स्मरणपत्रे आणि निकालाची लेखी मागणी हाताशी हवी. कारण मागणी करूनही कर्तव्य टाळले गेले, हे दाखवावे लागते. अंतरिम दिलासाही त्याच अर्जात मागावा.

काही साथी विचारतात, प्रस्थापितांच्या न्यायालयाचे दार आपण का ठोठवावे? न्यायालय आपली मुक्ती करील असा भ्रम आपल्याला नाही. परंतु भाड्याने वाहन चालविणे ही सरकारची मेहेरबानी नसून नागरिकाचा हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्येच सगीर अहमद खटल्यात मान्य केले आहे. मिळालेला हक्क गंजू देणे यात कसली क्रांतिकारकता? नादुरुस्त गाडी रस्त्यावर आणू द्या, असेही आपण म्हणत नाही. होय की नाही, ते कारणांसह सांगा, एवढीच आपली मागणी आहे.

त्या साथीने अखेर रिट केले. न्यायालयाने मुदत घातली आणि अपिलाचा निकाल त्याच्या बाजूने लागला. पण तोवर कर्ज देणाऱ्या कंपनीने गाडी ओढून नेली होती. सातव्या महिन्याऐवजी तो दुसऱ्या महिन्यात आला असता तर?

म्हणून प्रत्येक शाखेने व युनियनने रखडलेल्या अपिलांची तारीखवार यादी करावी, अधिकाऱ्यांपुढे शिष्टमंडळ न्यावे आणि वेळेवर वकील गाठावा. ऐपत नसलेल्यांसाठी १९८७ च्या कायद्याने मोफत विधी साहाय्याची तरतूद केली आहे. तिचाही उपयोग करावा. एकट्या माणसाचा अर्ज फायलीखाली दबतो. संघटनेची यादी दाबणे तितके सोपे नसते.