पत्राचे नाव, शाळेचा पैसा

(माध्यमे आणि अर्थकारण या विषयावरील व्याख्यानाचा संपादित भाग)



एखाद्या घराची खरी स्थिती ओसरी पाहून कळत नाही. कोठार पाहावे लागते. संस्थांचेही तसेच आहे. ध्येयवाक्य ओसरीवर टांगलेले असते आणि उत्पन्नाचा तक्ता कोठारात ठेवलेला असतो. आजच्या विवेचनाचा विषय असलेल्या कंपनीची ओसरी साऱ्या जगाला ठाऊक आहे. तिच्या कोठारात काय होते, हे मात्र फार थोड्यांनी पाहिले. ही कंपनी म्हणजे अमेरिकेतील वॉशिंग्टन पोस्ट कंपनी.

पत्र आणि शाळा ही जोडी मराठी माणसाला नवी नाही. पुण्यात १८८० मध्ये न्यू इंग्लिश स्कूल निघाले आणि १८८१ मध्ये 'केसरी' व 'मराठा' निघाले. चिपळूणकर, टिळक, आगरकर ही मंडळी दोन्हींच्या मुळाशी होती. लोकशिक्षणाचेच ते दोन हात होते. वॉशिंग्टनमध्येही पुढे पत्र आणि शाळा एका छपराखाली आली. पण तेथे एकाने कीर्ती मिळवायची आणि दुसऱ्याने पैसा मिळवायचा, अशी वाटणी झाली. ती कशी झाली व तिचे पुढे काय झाले, हे समजून घेण्यासारखे आहे.

लिलावातून वैभवाकडे

'वॉशिंग्टन पोस्ट' हे दैनिक १८७७ मध्ये सुरू झाले. १९३३ च्या महामंदीत त्याचे दिवाळे निघाले आणि युजीन मेयर या धनिकाने ते लिलावात ८ लाख २५ हजार डॉलरना विकत घेतले. पुढे त्यांचे जावई फिलिप ग्रॅहम आणि १९६३ मध्ये जावयाच्या मृत्यूनंतर कन्या कॅथरिन ग्रॅहम यांनी ते सांभाळले. १९५४ मध्ये शहरातील प्रतिस्पर्धी प्रातःदैनिक मेयर यांनी विकत घेतले. १९८१ मध्ये सायंदैनिक 'वॉशिंग्टन स्टार' बंद पडले. राजधानीत 'पोस्ट'ला तोडीस तोड असा प्रतिस्पर्धी उरला नाही.

वृत्तपत्राचा पैसा येतो कोठून? वाचक सकाळी जे मोल देतो, त्यात बहुधा कागद, छपाई आणि वाटप यांचाही खर्च पुरता निघत नाही. अमेरिकी दैनिकांच्या उत्पन्नात जाहिरातींचा वाटा दीर्घकाळ तीन चतुर्थांशाहून अधिक होता. त्यातही सर्वांत किफायतशीर होत्या त्या छोट्या जाहिराती : नोकरी पाहिजे, घर भाड्याने देणे आहे, जुनी मोटार विकणे आहे. नव्वदच्या दशकाच्या आरंभी 'पोस्ट'चा दैनंदिन खप ८ लाखांहून अधिक होता. संपादकीय पानावरचा बाणा ताठ राहिला, त्यामागे त्या बारीक टाइपातल्या ओळींचे बळ होते. इंटरनेटवर त्याच ओळी फुकट छापल्या जाऊ लागल्या, तेव्हा त्या बाण्याखालचा पायाच खचू लागला.

परवान्याची दोरी

कंपनी केवळ दैनिकावर विसंबून नव्हती. तिच्याकडे दूरचित्रवाणी केंद्रे होती आणि १९६१ पासून 'न्यूजवीक' साप्ताहिक होते. जून १९७१ मध्ये तिचे समभाग बाजारात आले, त्याच आठवड्यात व्हिएतनाम युद्धासंबंधीची गोपनीय कागदपत्रे, म्हणजे 'पेंटॅगॉन पेपर्स', छापायची की नाही हा प्रश्न कॅथरिन ग्रॅहम यांच्यासमोर उभा राहिला. धोका केवळ खटल्याचा नव्हता. कंपनी गुन्हेगार ठरली असती तर दूरचित्रवाणी केंद्रांच्या परवान्यांवरच गदा आली असती. त्यांनी छापण्याचा निर्णय घेतला.

वॉटरगेट प्रकरणात हा धोका प्रत्यक्षात उतरला. १९७२-७३ च्या सुमारास फ्लोरिडातील जॅक्सनव्हिल आणि मायामी येथील कंपनीच्या केंद्रांचे परवाने नूतनीकरणास आले असता त्यांना आव्हान देणारे अर्ज दाखल झाले. अर्जदारांमध्ये राष्ट्राध्यक्ष निक्सन यांच्या निकटची माणसे होती. समभागांचा भाव घसरला. अखेर परवाने टिकले. मात्र या प्रसंगातून एक गोष्ट स्पष्ट झाली. बातमी दैनिक छापते, पण सत्ताधाऱ्याचा हात पोहोचतो तो दैनिकापर्यंत नव्हे, तर ज्या उत्पन्नाची दोरी सरकारच्या हाती आहे त्या उत्पन्नापर्यंत. ही गोष्ट ध्यानात ठेवावी, कारण चाळीस वर्षांनी ती वेगळ्या रूपात परत येणार होती.

याच पडझडीच्या काळात, १९७३ मध्ये, वॉरन बफे यांनी सुमारे १ कोटी ६ लाख डॉलर गुंतवून कंपनीचा मोठा हिस्सा घेतला. एकाच धंद्यावर विसंबू नये, पण न कळणाऱ्या धंद्यात उडीही घेऊ नये, ही शिस्त कंपनीने पुढील काळात पाळली. १९८६ मध्ये तिने केबल दूरचित्रवाणीचे जाळे विकत घेतले. येथे ग्राहक दरमहा स्वतःच्या खिशातून वर्गणी देत होता. त्याआधी दोन वर्षे तिने जी खरेदी केली, तिच्याकडे मात्र कोणी फारसे लक्ष दिले नव्हते.

तळघरातील शिकवणी

न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात स्टॅन्ली कॅप्लन या तरुणाने १९३८ मध्ये आईवडिलांच्या घराच्या तळघरात शिकवणी सुरू केली होती. महाविद्यालयीन प्रवेशाच्या 'सॅट' परीक्षेची तयारी करून घेण्यात त्यांनी नाव कमावले. ही परीक्षा शिकवणीने सुधारता येत नाही, असे परीक्षा घेणारी संस्था सांगे; आपली मुले गुण वाढवून दाखवतात, असे कॅप्लन सांगत. १९८४ मध्ये वॉशिंग्टन पोस्ट कंपनीने हा व्यवसाय सुमारे साडेचार कोटी डॉलरना घेतला.

या व्यवसायाचा हिशेब सरळ होता. शुल्क विद्यार्थी किंवा त्याचे पालक भरत. गुण वाढले तर धाकटे भावंड आणि शेजारचा मुलगाही येई. न वाढले तर कोणी येत नसे. जो शिकतो तोच पैसे देतो आणि जो पैसे देतो तोच निकाल पाहतो. शिकवणीवर्गांवर टीका करण्यासारखे पुष्कळ आहे, परंतु या एका बाबतीत हा व्यवहार चोख होता.

पुढे कंपनीने उच्च शिक्षणात पाऊल टाकले. १९९८ मध्ये कॅप्लनने संपूर्णपणे इंटरनेटवर चालणारे विधी महाविद्यालय काढले. २००० मध्ये कंपनीने क्वेस्ट एज्युकेशन ही महाविद्यालयांची साखळी १६ कोटी ५० लाख डॉलरना घेतली, आणि त्यातूनच पुढे कॅप्लन विद्यापीठ उभे राहिले. दिवसा नोकरी करणारे प्रौढ, मुले सांभाळणाऱ्या माता, सैन्यातून परतलेले जवान हे त्याचे विद्यार्थी. उत्पन्न झपाट्याने वाढले. २००७ पर्यंत स्थिती अशी झाली की कंपनी स्वतःची ओळख 'शिक्षण आणि माध्यम कंपनी' अशी करून देऊ लागली. 'शिक्षण' हा शब्द आधी आला होता. २०१० मध्ये सुमारे ४७० कोटी डॉलर एकूण उत्पन्नापैकी सुमारे २९० कोटी, म्हणजे ६० टक्क्यांहून अधिक, कॅप्लनचे होते. दाराच्या पाटीवर पत्राचे नाव राहिले आणि घर शाळेच्या पैशावर चालू लागले.

शुल्क विद्यार्थ्याचे, पैसा सरकारचा

येथे कोठाराचे आतले दार उघडावे लागते. कॅप्लन विद्यापीठाचे शुल्क कागदोपत्री विद्यार्थीच भरत होता. प्रत्यक्षात तो पैसा बव्हंशी अमेरिकेच्या केंद्र सरकारकडून, १९६५ च्या उच्च शिक्षण कायद्याखाली मिळणारी अनुदाने आणि कर्जे यांच्या रूपाने येत होता. नफ्यासाठी चालणाऱ्या महाविद्यालयाच्या उत्पन्नात अशा साहाय्याचा वाटा ९० टक्क्यांहून अधिक असू नये, असा कायद्याचा दंडक होता. किमान एक दशांश विद्यार्थी तरी असे हवेत की जे स्वतःच्या पैशाने यायला तयार आहेत, हा त्यामागचा विचार. कॅप्लनच्या उच्च शिक्षण विभागातील हे प्रमाण त्या मर्यादेच्या बरेच जवळ पोहोचले होते.

याचा परिणाम काय होतो, हे सांगायला अर्थशास्त्राचा पंडित नको. प्रवेश झाला की पैसा येतो. विद्यार्थी मध्येच सोडून गेला, पदवी मिळूनही नोकरी लागली नाही, तरी कर्ज त्याच्या डोक्यावर राहते आणि शुल्क संस्थेच्या खात्यात राहते. अशा ठिकाणी शिकवणाऱ्यापेक्षा प्रवेश मिळवून देणाऱ्याचे महत्त्व वाढू लागते.

ऑगस्ट २०१० मध्ये सरकारच्या लेखातपास कार्यालयाने अशा पंधरा महाविद्यालयांत विद्यार्थ्यांचे सोंग घेतलेले तपासनीस पाठवून केलेल्या पाहणीचा अहवाल अमेरिकी सिनेटपुढे ठेवला. दिशाभूल करणारी विधाने सर्व पंधरा ठिकाणी आढळल्याचे त्यात नमूद होते. त्यांत कॅप्लनच्याही शाखा होत्या. त्या अहवालात पुढे काही दुरुस्त्या झाल्या, हेही न्यायाने सांगितले पाहिजे. कॅप्लनने स्वतःहून नियम केला की नव्या विद्यार्थ्याने काही आठवडे शिकून पाहावे आणि न पटल्यास शुल्क न भरता जावे. हा नियम प्रामाणिक होता, आणि म्हणूनच महाग पडला. उत्पन्न घटू लागले.

सरकारने त्याच सुमारास नवे नियम आणले. कर्जाच्या मानाने पदवीधराची कमाई किती, यावर साहाय्य अवलंबून ठेवावे, असा त्यांचा रोख होता. कंपनीचे प्रमुख, कॅथरिन यांचे पुत्र डोनाल्ड ग्रॅहम यांनी याविरुद्ध आपली बाजू मांडली. गरीब विद्यार्थ्यांना प्रवेश देणाऱ्या संस्थेत गळती आणि थकबाकी अधिक असणारच. नियम असे झाले तर संस्था गरिबांनाच दार बंद करतील, असा त्यांचा युक्तिवाद होता. तो पोकळ नव्हता. पण चित्र विलक्षण होते. ज्या कुटुंबाच्या दैनिकाने एका राष्ट्राध्यक्षाच्या सत्तेला जाब विचारला, त्याच कुटुंबाला आता त्याच राजधानीत सरकारी नियमांसाठी अधिकारी आणि लोकप्रतिनिधी यांच्या भेटी घ्याव्या लागत होत्या. परवान्याची दोरी होती, तेथे आता साहाय्याची दोरी आली होती. 'पोस्ट'च्या वार्ताहरांचे श्रेय असे की एप्रिल २०११ मध्ये त्यांनी स्वतःच्याच मालकांच्या या व्यवसायाची दीर्घ झडती आपल्या पानांवर छापली.

पाटी उतरली

शाळेची कमाई आटू लागली आणि पत्राची आधीच आटली होती. २०१० मध्ये 'न्यूजवीक' सर्व देण्यांसह एका डॉलरला विकले गेले. २०१२ मध्ये वृत्तपत्र विभागाला ५ कोटी डॉलरहून अधिक तोटा झाला. २०१३ मध्ये अॅमेझॉनचे संस्थापक जेफ बेझोस यांनी 'वॉशिंग्टन पोस्ट' दैनिक २५ कोटी डॉलरना घेतले. नाव दैनिकाबरोबर गेले. मागे उरलेली कंपनी 'ग्रॅहम होल्डिंग्ज' झाली. २०१५ मध्ये केबल व्यवसाय वेगळा काढून त्याचे समभाग भागधारकांना वाटले गेले. २०१८ मध्ये कॅप्लन विद्यापीठ इंडियानातील पर्ड्यू या सार्वजनिक विद्यापीठाकडे गेले. आरंभीची किंमत येथेही एक डॉलर. मात्र प्रवेशप्रक्रिया, प्रसिद्धी आणि तंत्रज्ञान यांची सेवा कॅप्लनने पुरवायची आणि खर्चाखेरीज उत्पन्नाचा साडेबारा टक्क्यांपर्यंत वाटा घ्यायचा, असा दीर्घ मुदतीचा करार झाला. मालकी गेली, मिळकतीचा मार्ग राहिला.

उरलेल्या कंपनीचे उत्पन्न आज अनेक ओढ्यांनी येते. कॅप्लनची ब्रिटन, सिंगापूर, ऑस्ट्रेलिया येथील केंद्रे लेखापालांना आणि परदेशी विद्यार्थ्यांना शिकवतात. सात दूरचित्रवाणी केंद्रे स्थानिक जाहिराती मिळवतात. निवडणुकीच्या वर्षी राजकीय जाहिरातींची भर पडते आणि केबल कंपन्यांकडून पुनःप्रक्षेपणाचे शुल्क येते. त्यांच्या जोडीला घरपोच रुग्णसेवा, मोटारविक्रीची दालने आणि उपाहारगृहेही आली आहेत. २०२३ च्या सुमारे ४४० कोटी डॉलर उत्पन्नात शिक्षणाचा वाटा एक तृतीयांशाच्या थोडा वर होता. धंदा म्हणून कंपनी सुखरूप आहे. ज्या पत्राच्या रक्षणासाठी हे सारे जोडले असे सांगितले जाई, ते पत्र तेवढे तिच्याकडे नाही.

हिशेबाच्या वहीतील धडा

या कथेत कोणी खलनायक शोधू नये. ग्रॅहम घराण्याची निष्ठा खोटी नव्हती. चूक अधिक सूक्ष्म आहे. दैनिकात सेवा वाचकाची आणि पैसा जाहिरातदाराचा. विद्यापीठात सेवा विद्यार्थ्याची आणि पैसा सरकारचा. ज्याची सेवा करायची तो एक आणि पैसे देणारा दुसरा, असे झाले की संस्थेची नजर हळूहळू देणाऱ्याकडे वळते. ध्येयवाक्य तेच राहते, नजर तेवढी बदलते. आपल्या घरात येणारे वर्तमानपत्र, आपली मुले जातात ती शाळा, आपण स्वतः चालवतो ती संस्था, या प्रत्येकाविषयी हा प्रश्न विचारण्यासारखा आहे : पैसा कोण देतो, आणि त्याने उद्या हात आखडला तर काय उरते?

हिशेबशास्त्रात एक नियम आहे. कॅप्लनसारख्या कंपनीलाही तो पाळावा लागतो. विद्यार्थ्याने सत्राचे शुल्क आगाऊ भरले, तर ते त्या दिवशी उत्पन्न म्हणून लिहिता येत नाही. ते ताळेबंदात देण्याच्या बाजूला दाखवावे लागते. जसजसे दिवस जातात आणि शिकवणे होते, तसतसे ते थोडेथोडे उत्पन्नात येते. वाचकाच्या वार्षिक वर्गणीलाही हाच नियम लागू आहे. हिशेबनीस हे तंत्र म्हणून पाळतो. संस्था चालवणाऱ्याने ते व्रत म्हणून पाळावे. घेतलेला पैसा हे आधी देणे आहे. शिकवून झाल्यावर, खरी बातमी पोहोचवून झाल्यावरच त्याला कमाई म्हणावे.